घटकेला दोन मिनिटं कमी

हॅगॉप तेरझियान आधी स्वतः चालून दाखवायचा.
बरबँकला, सायलेन्सरच्या गॅरेजवरच्या मजल्यावर,
घासून पातळ झालेल्या गालिच्यावर
सहा फूट दोन इंचांचा हा माणूस
ओल्या चादरींचं गाठोडं उचललेला रॅकून व्हायचा,
गळ्यातल्या स्टॉपवॉचवर अंगठा.
"पाऊल बारा फ्रेममध्ये. नाही, चौदा.
चादर ओली आहे."

मी तिसऱ्या टेबलावर, तक्ते तपासणारी.
एका सेकंदाची चोवीस घरं, घराघरात आकडा:
इथे पापणी मिटते, इथे तोंडाचा चंबू,
इथे काहीच होत नाही,
आणि तीही घरं भरावी लागायची.
तक्ते खोक्यात बसून सोलला जायचे,
आठ आठवड्यांनी रॅकून हलत परत यायचा.

एकदा मी म्हटलं, आमच्याकडे याला
उंटावरून शेळ्या हाकणं म्हणतात.
त्यानं ते माझ्याकडून तीनदा वदवून घेतलं.
मग दुसऱ्या पर्वाच्या नवव्या भागात
रॅकूनच्या लाँड्रीसमोरून एक माणूस गेला
उंटावर बसून, पुढे सात शेळ्या,
गोष्टीशी संबंध शून्य.
सोलमध्ये त्या कुणीतरी काढल्या,
म्हणीचा गंध नसताना,
आणि सातवी मुद्दाम जरा मागे ठेवली, गवताकडे बघत.
"ही आपल्या तक्त्यात नव्हती," हॅगॉप म्हणाला,
"हिचं नाव शोधा. काढणाऱ्याचं."
कुणी शोधलं नाही. शुक्रवार होता.

भाग बावीस मिनिटांचा, उरलेल्या आठांत जाहिराती.
चोवीस मिनिटांची एक घटका, मी त्याला सांगितलं,
म्हणजे आपल्याकडून धड घटकाभर करमणूकही होत नाही.
तो उठला आणि फळ्यावर लिहून आला:
दोन मिनिटं देणं बाकी.
ऑफिस रिकामं केलं तेव्हाही ते पुसलेलं नव्हतं.

कारकीर्द म्हणाल तर, रॅकूनची तीन पर्वं.
चौथं नाही, हे त्याला पार्किंगमध्ये कळलं,
एका बाईंनी गाडीची काच अर्धी खाली करून सांगितलं.
मग बोलणारे टूथब्रश.
मग एक मालिका, जिची खेळणी
गोष्टीच्या आधी दुकानात पोचली होती.
मधे कधीतरी एक पायलट, कुणी न पाहिलेला,
फ्रेस्नोच्या द्राक्षमळ्यातल्या मुलाचा.
त्या मुलाची चाल त्यानं आम्हाला दाखवली नाही.
गालिच्यावर नुसता उभा राहिला बराच वेळ,
मग म्हणाला, आज घरी जा.

भागाच्या शेवटी त्याचं नाव एक सेकंद यायचं.
पुढे चॅनलनं तेही दाबून कोपऱ्यात नेलं,
बाजूला पुढच्या कार्यक्रमाचा आरडाओरडा.
फ्रेस्नोला त्याची आई काचेला नाक लावून बसायची.
'तेर' पर्यंत वाचून होई.

गेल्या गुरुवारी ग्लेंडेलला गेले होते.
त्याचे दोन्ही गुडघे नवे.
कॉरिडॉरमध्ये वॉकर घेतलेल्यांची रांग,
पुढे मारिसेला नावाची मुलगी, टाळ्या वाजवत.
हॅगॉप सगळ्यांत मागे, खिडकीकडे बघत.
मला पाहून थांबला.
"किती?"
एका पावलाला चाळीस फ्रेम, मी म्हटलं.
"चाळीस?"
खाली आपल्या पायांकडे पाहिलं त्यानं,
नवशिक्या पोरानं काढलेले असावेत तसे.
मग वॉकर उचलून, हळूहळू, मागे सरकला,
पहिल्या जागेवर जाऊन उभा राहिला
आणि तेच पाऊल पुन्हा टाकायला घेतलं.
मारिसेलाच्या टाळ्या थांबल्या.